मुक्या बाजारात माझा आवाज

जुन्या फिल्ममधली माणसं तोंडं हलवत राहतात आणि आपल्याला काही म्हणजे काही ऐकू येत नाही. आमच्या गावच्या आठवडी बाजाराची अशीच एक मुकी फिल्म मिळाली. माहितीपटासाठी तिच्यात आवाज भरायचं काम माझ्याकडे आलं, कारण नकलांसाठी मी शाळेपासून बदनाम. म्हशीपासून हेडसरांपर्यंत सगळे माझ्या घशात राहतात.

फिल्ममध्ये एक कासार हातात बांगड्या उंच धरून ओरडतो. त्याची लेक, आमच्या गल्लीतली सुमनमावशी, मुद्दाम बघायला आली होती. म्हणाली, "ए नकल्या, आमच्या बाबांना जरा बोलतं कर की!"

मी ओठांकडे बघत घसा खाकरला आणि दिलं ठोकून, "घ्या वो आक्का, हिरवा चुडा!" शब्द ओठांवर असे बसले की मावशी पदर तोंडाला लावून हसली.

मग म्हणाली, "आता आवाज बंद करून लाव."

लावली. ती बघत राहिली, पण हसू मावळत गेलं.

माणूस गेला की त्याची टोपी, चष्मा, काठी घरात राहते. आवाज तेवढा कुणाच्या तरी कानात राहतो, आणि कानाला काही कडी नसते. कुणीही घुसावं.

"इतकी वर्षं डोळे मिटले की बाबांची हाक यायची," मावशी म्हणाली. "आता तुझीच येतीय रे."

फिल्ममधून माझा आवाज मी तिथल्या तिथे पुसला. मावशी मात्र डोळे मिटून तशीच बसली होती, कान देऊन.