समोरच्या साहेबांचं शेवटचं दृश्य

आमच्या समोरच्या साहेबांइतक्या वेळा मेलेला माणूस अख्ख्या सिंगापुरात शोधून सापडायचा नाही. चाळीसेक वर्षं त्यांनी विलायतेतल्या सिनेमांत आणि मालिकांत कामं केली आणि प्रत्येक वेळी मध्यंतराच्या आत मेले. कधी विषानं, कधी तलवारीनं. एकदा तर सुरुवातीची नावं येत असतानाच यांचा मुडदा नदीतून वाहत गेला! मग कुठल्याशा मालिकेत मरायला म्हणून ते इथे आले, अभिनय शिकवत इथेच रमले आणि तोआ पायोह वस्तीत आमच्या दारासमोर राहिले. अंगात दिग्दर्शक इतका भिनलेला, की खालच्या हॉकर सेंटरमधल्या, म्हणजे खाण्याच्या टपऱ्यांच्या बाजारातल्या, कॉफीवाल्या आँटीलाही सांगायचे, "कप पुन्हा द्या, जरा दुःखानं." ती फणकारायची, "सॅड वन एक्स्ट्रा चार्ज, लाह!"

शेवटी त्यांनी स्वतःच सिनेमा काढला. निर्माते तेच, दिग्दर्शक तेच, नायकही तेच. "या वेळी मी शेवटपर्यंत जिवंत असणार," मला दंडाला धरून म्हणाले, "आणि पडद्यावरचा शेवटचा चेहरा माझा." गोष्ट साधी होती: म्हातारा साहेब मायदेशी निघतो, शेजारीण दारात उभी राहते. शेजारीण कोण, तर साताऱ्याहून माझ्याकडे राहायला आलेली आमची आई. कपडे वाळत घालायच्या बांबूला माइक बांधून मी उभा, कॅमेरा त्यांच्या एका विद्यार्थ्याकडे. साहेबांनी बॅग उचलली, डोळ्यांत पाणी आणलं आणि लिफ्टकडे वळले. आईनं नुसतं गप्प उभं राहायचं होतं. पण छे!

"अहो, थांबा! तसेच निघालात?" म्हणत ती आत पळाली आणि चमचाभर दही घेऊन आली.

"आई, ते खोटं खोटं चाललेत गं!" मी ओरडलो.

"बॅग तर खरी आहे ना? हातावर दही घातल्याशिवाय माणूस घराबाहेर पडतो होय?" असं म्हणून तिनं त्यांच्या तळहातावर दही घातलं. साहेब 'कट' म्हणायचंसुद्धा विसरले. मुकाट्यानं दही चाटलं त्यांनी.

महिन्याभरानं आमच्याच टीव्हीवर त्यांनी सिनेमा दाखवला. शेवटी पडदाभर आईचा चेहरा, काळजीनं भरलेला, आणि साहेबांचा म्हणाल तर फक्त तळहात. मला भयंकर राग आला. "अहो, तुमचा चेहरा कुठाय?"

"दिग्दर्शकानं कापला. मी अभिनय करत होतो, तुझी आई करत नव्हती," ते म्हणाले. मग हळूच, "निर्माता रडला. नट अजून माझ्याशी बोलत नाही."

गेल्या महिन्यात ते खरंच परत गेले, बहिणीकडे, कायमचे. आई तेव्हा साताऱ्याला गेलेली होती. सकाळी बेल वाजली. दारात बॅग आणि पुढे केलेला रिकामा तळहात. मी फ्रीजकडे धावलो, तर घरात दही नाही! मुलीचं स्ट्रॉबेरीचं योगर्ट होतं, तेच चमचाभर घातलं. त्यांनी ते अगदी सावकाश खाल्लं. लिफ्टचं दार मिटेपर्यंत त्यांचा चेहरा मला पुरता दिसत होता, आणि तो टिपायला तिथे कॅमेरा नव्हता.