एकाच चरातल्या दोन तारा

दोन हजार सालानंतरची गोष्ट. चंद्रपूर जिल्ह्यातल्या एका सिमेंट कारखान्यात मी नेटवर्कचं काम बघत होतो. नदीवरचा पंपहाऊस कारखान्यापासून तीन किलोमीटर, आणि मधे सगळं जंगल. तिथले पंप आता कंट्रोल रूममधून चालणार होते. त्यासाठी फायबरची रिंग टाकायची होती. एक तार पायवाटेच्या कडेनं जाणार, दुसरी जंगलाला वळसा घालून परत येणार आणि दोन्ही कंट्रोल रूममधल्या मोठ्या स्विचला मिळणार. एक तुटली तर निरोप दुसरीकडून फिरून येतो, सारी गंमत एवढीच.

वळशाच्या वाटेनं खोदायला परवानगी लागत होती. तिला वेळ होता आणि आम्हाला धीर नव्हता. शेवटी दोन्ही तारा पायवाटेच्या एकाच चरात टाकल्या, मधे विटांचा एक थर. नकाशात रिंगचा गोल मी तसाच ठेवला आणि खाली सही ठोकली. उद्घाटनाच्या दिवशी मोठ्या साहेबांसमोर एक तार काढून दाखवली. पंप चालूच राहिला. टाळ्या पडल्या. दोन्ही एकाच चरात आहेत, हे तिथून कोणाला दिसणार?

त्या टाळ्या महागात पडल्या, पण मला नाही. पंपहाऊसच्या पाळीला आधी दोन माणसं असत, कारण त्या वाटेवर वाघाचा वावर होता आणि एकट्यानं जायचं नाही असा रिवाज होता. आता तिथे कोणी बसायला नको, बिघाड झालाच तर एक माणूस पुरे, असं वर ठरलं. मूल गावाकडचे एकजण राहिले, सगळे त्यांना भाऊ म्हणत; पन्नाशीचे, घरी धानाची शेती. त्यांच्या जोडीदाराची बदली झाली.

"दोन दोन तारा आहेत नं साहेब, मंग काऊन भ्यायचं?" भाऊ मला म्हणाले.

माझी मला लाज वाटत होती, पण सही मागे घ्यायची हिंमत नव्हती.

पावसाळा लागला तसा माझा जीव टांगणीला लागला. चर नाल्याच्या काठानं गेला होता. सर पडली की मी स्क्रीनवरचे हिरवे दिवे बघत बसायचो. जेवताना कुणी "पाणी चढलं" म्हटलं तरी मी ताट सोडून स्क्रीनकडे जायचो. चोराच्या मनात चांदणं.

श्रावणातल्या एका दुपारी दोन्ही दिवे एकदम लाल झाले. नाल्यानं काठ खाल्ला होता. निरोप तुटला तसे पंप थांबले, आणि जाऊन हातानं सुरू करायला हवे होते. चिखलातून जीप जाईना. भाऊंनी काठी उचलली.

"दुसरी तार चालू असन नं, साहेब?"

"नाही."

"बरं. मंग निघतो मी."

मी बूट घातले आणि त्यांच्यामागे निघालो. पायवाटेवर गवत कमरेएवढं वाढलेलं. पानावरून थेंब पडला तरी मी वळून बघत होतो. नाल्यापाशी उघडा पडलेला चर दिसला, त्यात दोन्ही तारा तुटून लोंबत होत्या. आता सांगायचंही काही उरलं नव्हतं, तरी सांगितलं.

"भाऊ, वळशानं तार गेलीच नव्हती. मी खोटी सही केली. तुमचा जोडीदार माझ्यामुळे गेला."

त्यांनी काठीनं लोंबत्या तारा वाटेतून बाजूला सारल्या. मग चालू लागले. बऱ्याच अंतरानंतर म्हणाले, "मागं नका चालू साहेब, बाजूनं चाला. एकामागं एक चाललो तं वाघाले एकच माणूस दिसते."

मी बाजूला आलो. पंप सुरू करून अंधार पडायच्या आत आम्ही परतलो.

दुसऱ्या दिवशी मी नकाशा दुरुस्त करून साहेबांच्या टेबलावर ठेवला आणि भाऊंचा जोडीदार परत मागितला. मला मेमो मिळाला. तुटलेल्या तारा त्याच चरात जोडल्या, दुसरी वळशानं जायला वर्ष लागलं. जोडीदार आला नाही, त्याची जागाच कागदावरून उडाली होती. त्या वर्षात दिवे लाल झाले की भाऊ माझ्या टेबलापाशी येऊन उभे राहायचे. मी बूट घालायचो.