सहावं कलम

तहसील कचेरीसमोरच्या पत्र्याच्या शेडमध्ये मी सत्तावीस वर्षं टायपिंग केलं. जामखेडात जमिनीचा वाद असो की सख्ख्या भावांची वाटणी, कागद माझ्या मशीनखालून गेल्याशिवाय पुढे सरकत नसे. याचा मला माज होता. पानाला पाच रुपये घ्यायचो, आणि कुणी म्हणालं की भाऊसाहेब, काय लिहिलंय ते जरा वाचा, तर खेकसायचो की मी टाइप करतो, कीर्तन करत नाही. लोक हसायचे आणि सही करायचे.

सहादेव निकाळजे हा त्यातलाच एक. उंच, हाडकुळा, बोलायला कमी. एसटी स्टँडमागे त्याचं वेल्डिंगचं दुकान होतं. दारं, खिडक्या, ट्रॅक्टरची मोडकी अवजारं. त्याच्या हातचा जोड परत उघडला, असं मी कधी ऐकलं नाही. वस्तीतल्या जयंती कमिटीचा तो खजिनदारही होता, आणि त्याचा हिशेब इतका चोख, की पावतीवर 'बाबत' असा शब्द छापलेला असतो त्याच्यापुढे तो कधी रिकामं सोडायचा नाही. दोन रुपयांची वर्गणी असली तरी 'बाबत : जयंती, मंडप' असं पूर्ण लिहायचा. मी त्याला चिडवायचो, की अरे, दोन रुपयांत मंडपाचं एक भोक तरी येतं का? तो नुसता हसायचा.

त्र्याण्णव साली एका शिक्षणसंस्थेला शाळांसाठी बाकं करून हवी होती. नगरहून राधाकृष्ण डहाळे नावाचे सल्लागार बाजाराच्या दिवशी जामखेडला यायचे. दुकानाचे परवाने, विक्रीकराचे नंबर, कंपन्यांची नोंदणी, असली कामं करायचे. पांढरा सफारी, हातात रेक्झिनची बॅग, बोलणं लोण्यासारखं. त्यांनी सहादेवला सांगितलं की असली कामं कंपनीलाच मिळतात, तू प्रायव्हेट लिमिटेड कर. साडेचार हजार एकदाच भरायचे, बाकी सगळं मी बघतो. कंपनीला निदान दोन माणसं लागतात, म्हणून दुसरी संचालक त्याची बायको लंकाबाई. कंपनीचा पत्ता डहाळ्यांच्या नगरच्या ऑफिसचा, कारण पोस्टमन जामखेडात कंपनी शोधत कुठे फिरणार?

आता खरी चूक कुठे झाली ते सांगतो. करारनाम्याच्या दिवशी डहाळे आधी सहादेवच्या घरी गेले. चहा घेतला, लंकाबाईच्या हातचे पोहे खाल्ले, ताट पुसून खाल्ले. नगरचा शिकलेला माणूस आपल्या घरात बसून जेवतो याचं दोघांना फार वाटलं. वस्तीवर असं क्वचितच व्हायचं, आणि का क्वचित व्हायचं ते जामखेडात सगळ्यांना ठाऊक होतं. अशा माणसासमोर कागद वाचायला घेणं म्हणजे त्याच्या खाण्यावर संशय घेणं, असं सहादेवला वाटलं. हे त्यानंच मला पुढे सांगितलं. मग तिघं माझ्या शेडमध्ये आले. डहाळ्यांनी नमुना पुढे ठेवला, मी अकरा कलमं बडवून काढली, सहादेवनं सही केली, लंकाबाईनं अंगठा दिला. मला पंधरा रुपये मिळाले. वर डहाळ्यांनी पानपट्टी खायला घातली.

बाकांचं काम मिळालं. एकदाच. दुकानावर 'निकाळजे फॅब्रिकेटर्स प्रायव्हेट लिमिटेड' अशी निळी पाटी लागली आणि वस्तीतल्या पोरांनी तिच्यासमोर उभं राहून फोटो काढून घेतले. पुढच्या एप्रिलमध्ये डहाळ्यांचा माणूस पावतीपुस्तक घेऊन दारात उभा राहिला. अठराशे रुपये. एप्रिल म्हणजे जयंतीचा महिना, त्या दिवसांत सहादेव स्वतः दारोदार पावत्या फाडत हिंडायचा. पावतीपुस्तक पुढे आलं की मागे सरायचं नाही, ही त्याची रीत. त्याला वाटलं, आपल्याला वर काढणाऱ्याची ही वर्षाची वर्गणी असेल. त्यानं दिले. पुढच्या वर्षी बावीसशे झाले, तेही दिले. तिसऱ्या वर्षी अठ्ठावीसशे भरले, तेव्हा जयंतीच्या मंडपात पहिल्यांदा त्यानं पावती उलटसुलट करून पाहिली. 'बाबत'पुढे काहीच नव्हतं.

तेव्हा त्यानं कंपनी बंद केली. कशी, तर दुकानाच्या पाटीवर काळ्या रंगाचा हात मारून 'प्रायव्हेट लिमिटेड' एवढी अक्षरं पुसली. पाटी सांगते ते दुकान, असाच आमच्या बाजारपेठेचा कायदा. कापडवाल्यानं किराणा सुरू केला की तो पाटी बदलतो आणि झालं. सत्त्याण्णवला पावतीवाला आला तेव्हा सहादेवनं त्याला पाटी दाखवली आणि चहा पाजून परत पाठवलं. आपण सुटलो, असं सहादेवला वाटलं. मलाही वाटलं, खोटं कशाला बोलू.

अठ्ठ्याण्णवच्या एप्रिलमध्ये तो सकाळी सकाळी शेडमध्ये आला. इतका खुलून आलेला मी त्याला कधी पाहिला नव्हता. संगमनेरच्या एका दूध संघात वेल्डरची कायम जागा निघाली होती आणि यादीत त्याचं नाव पहिलं होतं. पगार महिन्याच्या महिन्याला, फंड, राहायला खोली. बाकांच्या कामानंतर दुकान जेमतेम चालायचं, भट्टीसारख्या पत्र्याखाली डोळे जाळून हातात काही उरत नव्हतं. त्याला फक्त एक प्रतिज्ञापत्र हवं होतं. संघानं नमुना दिला होता. मी टाइप करत गेलो आणि चौथ्या ओळीवर माझे हात थांबले. 'माझ्या नावे कोणताही व्यवसाय अथवा कंपनी नाही.'

मी त्याला विचारलं, कंपनी बंद झाल्याचा काही कागद आहे का? तो म्हणाला, पाटी पुसली की.

दुसऱ्या दिवशी पहिल्या एसटीनं आम्ही दोघं नगरला गेलो. माझं काही काम नव्हतं, पण मला घरी बसवेना. डहाळ्यांनी पंखा लावला, पाणी दिलं, आवाज एकदाही चढवला नाही. त्यांनी समजावून सांगितलं की कंपनी पाटीत नसते, पुण्याला निबंधकाच्या दप्तरात असते. दुकान चालो न चालो, दरवर्षी तिची विवरणपत्रं जातात, हिशेबावर तपासनिसाची सही लागते, पत्ता माझा वापरता त्याचं भाडं लागतं, आणि या सगळ्याची माझी फी. दोन वर्षं थकली आहेत, दंडासकट नऊ हजार चारशे. ते भरा, मग बंद करायचा अर्ज करू. त्याची फी वेगळी. आठ-दहा महिने धरून चाला.

संघात हजर व्हायची शेवटची तारीख होती तीस एप्रिल. त्या दिवशी होती एकवीस.

सहादेव म्हणाला, तुम्ही एकदाच म्हणाला होता. डहाळे म्हणाले, नोंदणी एकदाच, ती मी केली. मग त्यांनी कपाटातून करारनामा काढून सहावं कलम आमच्यापुढे धरलं. सल्लागाराची सेवा दरवर्षी आपोआप पुढे चालू राहील, सल्लागार फी वाढवू शकेल, आणि सेवा नको असल्यास दोन्ही संचालकांनी फेब्रुवारीअखेर रजिस्टर पोस्टानं तसं कळवावं. पावतीवाला यायचा एप्रिलमध्ये. म्हणजे दर वर्षी दार बंद झाल्यावर हा दाराशी यायचा. माझ्या मशीनचा अनुस्वार अर्धाच उमटायचा, आणि त्या कलमातले सगळे अनुस्वार अर्धे होते. मला तिथे बसवेना आणि उठवेनाही.

परतीच्या गाडीत सहादेव खिडकीतून बाहेर बघत राहिला. जामखेड यायच्या आधी मीच विषय काढला. म्हटलं, ती ओळ मी टाइप करतो, तू सही कर. संगमनेरात बसून पुण्याचं दप्तर कोण बघायला जातंय? निम्मा जिल्हा असल्या कागदांवर नोकऱ्या करतो. संध्याकाळी मी प्रतिज्ञापत्र पुरं करून त्याच्यापुढे ठेवलं. त्यानं पेन हातात घेतलं आणि परत खाली ठेवलं.

"आधी वाचा," तो म्हणाला. "मोठ्यानं."

मी वाचलं. चौथी ओळ आली तेव्हा त्यानं हात वर केला.

"ही काढा. उद्या कुनी बघितलं तर नोकरी बी जाईल आन् तुरुंग बी. आन् लंकाचा अंगठा हाय त्या कंपनीवर. तिला कुनी कशापायी ओढायचं?"

मी ओळ काढून नवा कागद केला. तो संगमनेरला गेला आणि तिसऱ्या दिवशी परत आला. कारकुनानं त्या ओळीशिवाय कागद घेतला नव्हता. जागा यादीतल्या दुसऱ्या नावाला गेली.

महिनाअखेरीस तो पुन्हा शेडमध्ये आला, या वेळी लंकाबाईला घेऊन. डहाळ्यांना द्यायला त्यानं वेल्डिंगची मोठी मशीन विकली होती. पैसे खिशात होते, दुपारच्या गाडीनं दोघं नगरला निघाले होते. जाण्याआधी त्यानं जुना करारनामा माझ्या टेबलावर ठेवला आणि म्हणाला, हा बी वाचून दाखवा. मी पहिल्या शब्दापासून वाचायला लागलो. शेजारचे टंकलेखक टकटक थांबवून बघायला लागले. लंकाबाई पदर डोक्यावर ओढून एकेक कलम ऐकत होती. सहावंही वाचलं. सगळी अकरा वाचून व्हायला दहा मिनिटंसुद्धा लागली नाहीत.

"भाऊसाहेब," लंकाबाई म्हणाली, "ह्ये त्या दिशी बी असंच लिवल्यालं हुतं?"

हो म्हणालो. मीच लिहिलं होतं.

"मंग त्या दिशी वाचलं असतं तर आमी उठून गेलो असतो की."

तिच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर मी उलट बोललो असतो, मला ते जमतं. मी कागदाची घडी करून सहादेवच्या हातात दिली. त्यानं ती पिशवीत घातली, स्टँडकडे वळला आणि काही आठवल्यासारखा परत फिरला. खिशात हात घालून त्यानं अगदी साधेपणानं मला विचारलं,

"वाचायचं किती झालं?"