लोण्यासारखा हात

"सूतच कच्चं असन, तं रंगाले काय चाटाचं?" ब्रह्मपुरीची बांगड्या विकणारी नूरीबाई मनियारीण दिवसातून एकदा तरी हे बोलायचीच. ऐकणाऱ्याला वाटे, लुगड्याबद्दल बोलते. ती स्वतःच्या अंगाबद्दल बोलत असे.

तरुणपणी तिच्या हाताची जत्राजत्रांतून कीर्ती होती. अंगठा खाली दुमडून ती थेट मनगटाला टेकवायची, पंजाची कळी करायची आणि सव्वादोनच्या लहान मापाची काचेची बांगडी सहज चढवून दाखवायची. तिच्याभोवती बायांचं कडं पडे. या मुलखात बांगडी मनगटाला जितकी घट्ट बसेल तितकी नवरीची शान, आणि लोण्यासारखा हात म्हणजे भाग्याची खूण. नवाबभाऊनं तिला पसंत केलं तेही हात बघूनच. मार्कंड्याच्या जत्रेत त्याचं बांगड्यांचं दुकान त्या एका हातावर चालायचं.

चाळिशीला तोच हात उलटला. आधी अंगठा जागचा सरकू लागला, मग खांदा. कणीक मळता मळता खांदा निखळे आणि दात आवळून ती स्वतःच तो बसवी. जरा खरचटलं तरी कातडी उकले, आणि मागं कांद्याच्या पापुद्र्यासारखा व्रण राही. एक्स-रे फोटो काढला की हाडं धड. सासू म्हणे नाटक, एक डॉक्टर म्हणे अशक्तपणा, दुसरा म्हणे मनाचं आहे. सूज नाही, पट्टी नाही. दुखणं दाखवावं तरी कुणाला? नूरी धुसफुसे आणि पुन्हा कणकेला लागे.

शेवटी चंद्रपूरच्या एका डॉक्टरीणबाईनं तिचा एकेक सांधा वाकवून पाहिला, कातडी ओढून पाहिली. मग समजावून सांगितलं. अंगात कोलॅजन नावाचं सूत असतं. त्यानंच कातडी विणलेली असते, सांधे बांधलेले असतात. नूरीचं ते सूत जन्माचंच कच्चं. मुळावर औषध नाही. व्यायामानं स्नायू बळकट करायचे, आणि हात वाकवून दाखवणं आजपासून बंद. दुखण्याला नाव मिळालं म्हणून नूरीला हायसं वाटलं, पण घडीभरच. पोटच्या पोरीत हे उतरण्याचा संभव रुपयात आठ आणे, असंही बाईंनी सांगितलं.

परतताना नवाबनं औषधाच्या दुकानातून कोलॅजनच्या पावडरीचा डबा घेतला. नूरीनं तो खरवडून संपवला. पुढच्या खेपेला डॉक्टरीणबाईनं कपाळाला हात लावला. विणकरच चुकीचं विणतो, तर त्याला जास्तीचा कापूस देऊन काय उपयोग?

लेक महेकचा हात हुबेहूब आईचा. यंदा जत्रेत हात दाखवायला तिनं बसायचं, असं नवाबनं ठरवलं. नूरी हिवाळाभर भांडली. पोरीला काही दुखतं का, एवढंच तो विचारी. शिवाय चंद्रपूरला तिच्या सोयरिकीची बोलणी चालू होती. आजाराचं नाव बाहेर पडलं तर कोण उंबरा चढणार?

महाशिवरात्रीला मार्कंड्यात, वैनगंगेच्या रेतीवर दुकान लागलं. महेकनं अंगठा दुमडला. कट्‌ असा बारीक आवाज झाला. पोरगी हसली, अंगठा दाबून बसवला आणि बांगडी चढवली.

"काय नशिबाची पोरगी हाय माय," सोमारी नावाची गिऱ्हाईक बाई म्हणाली. "हात हाय का लोणी!"

नूरीला तो अंगठ्याचा आवाज ओळखीचा होता. ती उठून उभी राहिली. "नशीब नाई बाई, बिमारी हाय. मले हाय, तिले बी हाय."

"चूप राय," नवाब दबक्या आवाजात म्हणाला. "सोयरे आयकतीन."

"आयकू द्या. बांगडी फुटली तं दुसरी भेटते, महेकचे अब्बा. खांदा कोणत्या दुकानात भेटन?"

"अम्मी, मले तं काहीच दुखत नाई," महेक म्हणाली.

"मले बी नोहतं दुखत."

बाया एकमेकींकडे बघत पांगल्या. नवाबनं पुढची बांगडी महेकसमोर धरली, जणू काही झालंच नाही. महेकनं ती घेतली नाही, पण जागचीही उठली नाही. नूरी थोडा वेळ थांबली. मग खांदा दुसऱ्या हातानं धरून रेतीतून बसथांब्याकडे चालू लागली.

नवाबनं मान वळवली नाही. महेक मात्र, स्वतःचा अंगठा डाव्या मुठीत घट्ट धरून, गर्दीत आईची ओढणी दिसेनाशी होईपर्यंत बघत राहिली.