साखरमाळेतला दोरा

आमच्या साताऱ्याच्या शाळेतल्या शास्त्राच्या मास्तरांकडे जेवायला गेलेल्या माणसाला पहिला घास नेहमी गार खावा लागे. जेवण सुरू होण्यापूर्वी मास्तर ओळख करून देत. माणसांची नव्हे, त्या ओळखींत त्यांना रस नव्हता. "हा भात, हा तुमच्या खालचा पाट आणि हे माझं धोतर," ते म्हणत, "तिघे सख्खे भाऊ. तिघांची आई साखर. एक तेवढा मऊ स्वभावाचा निघाला." पाहुणा पाटावर जरा सावरून बसे. वहिनी आमटी वाढता वाढता सांगत, "मनावर घेऊ नका. साखर संपली म्हटलं की कपाटात धोतरं आहेत म्हणतात."

लढाईचे दिवस होते, साखर रेशनवर होती, आणि अशा वेळी मास्तरांना जगात चहूकडे साखरच दिसू लागली होती. ते चूक मात्र नव्हते. भात काय, कापूस काय, लाकूड काय, साखरेचे बारीक बारीक कण एकमेकांना जोडून निसर्गाने केलेल्या लांबच लांब साखळ्या आहेत, हे इंग्रजी पुस्तकांत छापून आले होते. इंग्रजीत अशा पदार्थाला पॉलिसॅकराइड म्हणत. मास्तरांना हा शब्द गावात फिरवण्याजोगा वाटेना. मी त्याच शाळेत मराठी शिकवत असे, म्हणून भाषेत जे जे नाही त्याची जबाबदारी माझ्यावर आहे अशी त्यांची समजूत होती. ते रोज मधल्या सुट्टीत माझ्यासमोर उभे राहून मराठीत अमुक शब्द का नाही असे विचारत, आणि मी तो लपवून ठेवला आहे अशा नजरेने पाहत. शेवटी शब्द त्यांनीच केला. साखरमाळ.

शब्द सुचला तो पाडव्याच्या गाठीवरून. गुढीला बांधतात आणि पोरांच्या गळ्यात घालतात ती साखरेच्या पदकांची माळ घेऊन मास्तर वर्गात येत. सगळी पदके सुलटी धरली की म्हणत, "हा भात." मग एक पदक सुलटे, एक उलटे, एक सुलटे, एक उलटे असे फिरवत आणि म्हणत, "हा कापूस. हेच लाकूड. एवढ्या उलटसुलटीनं एक भाऊ ताटात गेला आणि दुसरा बुडाखाली." एखादा मुलगा विचारी, मग लाकूड गोड का लागत नाही? त्यावर मास्तरांचे ठरलेले उत्तर असे : "गोड लागणं हा पदार्थाचा गुण नव्हे, जिभेची सोय आहे." तास संपल्यावर गाठ वर्गाला वाटून टाकत. शास्त्र विषय आमच्या शाळेत लोकप्रिय होता, त्यात या पद्धतीचा वाटा मोठा होता. साखर रेशनवर गेल्यावर तो एकदम अवघड झाला.

अशात सांगलीला शास्त्रीय शब्द ठरवणारी एक समिती स्थापन झाली. समितीला अध्यक्ष होते, अध्यक्षांना जरीचा रुमाल होता, आणि समितीचे पहिले काम म्हणून अध्यक्षांचा सत्कार झाला होता. शब्द मागवताना तिने एक अट घातली : शब्द लोकांच्या तोंडी आहे हे दाखवणारा साक्षीदार आणावा. जो शब्द अजून झालाच नाही तो लोकांच्या तोंडी कसा असेल, हे कोणी विचारले नाही. मास्तरांनीही विचारले नाही. त्यांनी छत्री घेतली आणि ते शब्द लोकांच्या तोंडी घालायला निघाले. नोकरीत त्यांनी कधी बढती मागितली नव्हती की बदली. पण हा एक शब्द कोशात जावा असे त्यांना फार वाटत होते. वहिनी म्हणायच्या, "मूलबाळ नाही ना आम्हांला. नाव ठेवायची हौस अशी भागवतात."

सुट्टीच्या दिवशी मीही बरोबर असे. वाईला कृष्णेच्या घाटावर त्यांनी एका भटजींना गाठले आणि पूजेच्या ताटातल्या वाती, अक्षता, दर्भ, सगळे एकच आहे असे समजावले. भटजींनी शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, "दक्षिणाही त्यातच येते का?"

"नाही. ती धातू."

"मग हरकत नाही. म्हणू आम्ही साखरमाळ."

मेढ्याच्या बाजारात मात्र त्यांना खरा माणूस भेटला. पलटणीतून पेन्शन घेऊन आलेले हे गृहस्थ गावच्या वर डोंगरात भात करीत आणि त्यांना सगळे हवालदारतात्या म्हणत. तात्या गाडीभर पेंढा विकायला घेऊन बसले होते. मास्तरांनी पेंढ्याची एक काडी उचलली आणि ही साखरेची माळ आहे असे सांगितले. तात्यांनी काडी घेतली, चावली, थुंकली.

"मग माजी बैलं रोज साखरच खात्यात म्हना की."

"खातात."

"आन् आमाला रेशनात मिळंना." तात्यांनी बैलांकडे वेगळ्याच नजरेने पाहिले. "पर त्येंला पचती, आमाला का न्हाई?"

"उलटसुलट गाठी आपल्याला सोडवता येत नाहीत. बैलाच्या पोटात बारीक जंतू असतात. ते गाठ सोडवतात, बैल साखर खातो."

"म्हंजी गडी ठेवल्यात कामाला." तात्यांना पटले. "मालक बसून खातोय. आमच्या पाटलावानी."

त्या दिवसापासून तात्यांनी शब्द हाती घेतला. पलटणीत हुकूम मिळाला की तो पुढच्याला जसाच्या तसा सांगायचा अशी त्यांना सवय होती. महिन्याभरात डोंगरातली म्हातारी माणसेसुद्धा जळण फोडताना साखरमाळ म्हणू लागली. अर्थ कोणी विचारला तर तात्या म्हणत, "अर्थ मास्तर बगत्यात. तू म्हन."

पुढच्या पाडव्याच्या आधी तात्या साताऱ्याला मास्तरांच्या दारात उभे राहिले. हातात झाकण लावलेली कासंडी होती. चेहरा कडक. नातवासाठी गाठ कुठल्याच दुकानात मिळाली नव्हती, आणि आंबटात उकळले की साखरमाळ तुटून साखर सुटते असे मास्तर एकदा बोलून गेले होते. तात्यांनी घरचे धोतर चिंचेच्या पाण्यात दिवसभर उकळले होते.

"धोतर का घेतलंत?" मी विचारले. "भात घ्यायचा."

"भात खायाला लागतो, गुरुजी. धोतर जुनंच हुतं."

मास्तरांनी कासंडीतले पाणी पळीने घेऊन चाखले. डोळे मिटून बराच वेळ चाखले. मग म्हणाले, "विचार बरोबर आहे. चिंच कमी पडते. तेजाब हवं, आणि कापूस हट्टी आहे."

"गोडी न्हाई आली," तात्या म्हणाले, "पर धोतर लय पांढरं निगालं." आणि त्यांनी अंगावरचे दाखवले. वहिनींनी आपल्या डब्यातली साखर एका पुडीत बांधून तात्यांच्या हाती दिली. पुढचे काही दिवस मास्तर गुळाचा चहा पीत होते आणि त्यांना फरक कळला नाही, असे वहिनी सांगत. जिभेच्या सोयीत त्यांना गोडी नव्हती.

सांगलीला साक्षीदार म्हणून तात्याच जाणार हे उघड होते. समितीपुढे दाखवायला गाठ हवी होती आणि साखर नव्हती. तेव्हा तात्यांनीच ती करून आणली : दोऱ्यात ओवलेले भाताचे वाळवलेले गोळे, कापसाचे बोंड, पेंढ्याच्या चुंबळी, रानातल्या साळढोलीच्या झाडाच्या लाकडाचे तासलेले मणी. "साखर न्हाई घातली," ते म्हणाले. "पर हाय ती समदी साखरमाळच न्हवं?" मास्तरांनी ती माळ हातात घेतली आणि कितीतरी वेळ खाली ठेवली नाही.

समितीची बैठक एका दिवाणखान्यात होती. स्वागत झाले, स्वागताचे आभार झाले, आभारांना उत्तर झाले आणि मग शब्द निघाले. अध्यक्षांनी स्वतः या पदार्थासाठी बहुशर्करेय असा शब्द केला होता आणि तो उच्चारून झाला की ते उपरण्याने ओठ टिपत. पण मास्तरांनी माळ फिरवून भात आणि कापूस दाखवला तेव्हा सभासद पुढे वाकून पाहू लागले. अध्यक्षही वाकले. एक सभासद म्हणाले, "माळेला दोरा असतो. तुमच्या साखरेच्या कणांतून असा दोरा जातो का?"

मास्तरांनी हातातल्या माळेचा दोरा पाहिला. "नाही," ते म्हणाले. "कण एकमेकांचेच हात धरतात. आत दोरा नाही."

"म्हणजे शब्दात खोट आहे."

"आहे."

अध्यक्षांनी मोठ्या मनाने हात वर केला. "असू दे. लोकांचा शब्द आहे. लोकभाषेकडेही आपण पाहिलं पाहिजे." त्यांच्या आवाजात अशी माया होती की शब्द कोशात गेलाच असे मला वाटले. "साक्षीदार कोण?"

तात्या उभे राहिले, टाचा जुळवल्या. साखरमाळ कशाला म्हणतात असे विचारताच त्यांनी दिवाणखान्याची झडती घेतली. "ह्यो टेबल, साखरमाळ. खुर्ची, साखरमाळ. तुमचा कागूद, साखरमाळ. ह्येंचं धोतर, साखरमाळ. तुमचा रुमाल, जर सोडून, साखरमाळ." सभासद हसले. अध्यक्षही हसले आणि लाडात येऊन म्हणाले, "आणि आम्ही?"

तात्यांनी त्यांना पायापासून रुमालापर्यंत पाहिले. वरिष्ठाला वगळणे त्यांना प्रशस्त वाटले नसावे. "तुमी बी, सायेब. समदंच्या समदं."

अध्यक्ष खुलले. ते मास्तरांकडे वळले. "काय हो, बरोबर आहे ना?"

एक होकार पुरेसा होता. मी टेबलाखालून मास्तरांच्या पायावर पाय ठेवला. त्यांनी तो बाजूला केला.

"नाही," मास्तर म्हणाले. "अध्यक्ष महाराज मुख्यतः पाणी आहेत. उरलेल्यात प्रथिनं आणि चरबी. साखरमाळ यकृतात आणि स्नायूंत असते, पण ती फार थोडी." मग कोणाचा गैरसमज राहू नये म्हणून म्हणाले, "जेवणानंतर किंचित वाढेल."

बहुशर्करेय हा शब्द एकमताने मंजूर झाला.

परतीच्या गाडीत तात्या खिडकीशी बसून होते. सांगली मागे पडल्यावर म्हणाले, "माज्यामुळं गेला, मास्तर. सायबाला धरायला नको हुतं."

"तुमचं काही चुकलं नाही. उत्साह जास्त झाला, इतकंच."

मी विचारले, "एकदा हो म्हणाला असतात तर?"

"शब्द कोशात गेला असता आणि अर्थ बाहेर राहिला असता," मास्तर म्हणाले. मग छत्री मांडीवर आडवी ठेवून म्हणाले, "अध्यक्षांचं मला काही वाटत नाही. दोऱ्याचं वाटतं. त्या गृहस्थांचं बरोबर होतं. माळ म्हटली की दोरा आला." तात्या मांडीवरची माळ बोटांनी चाचपत होते.

त्यानंतर मास्तरांनी वर्गात बहुशर्करेयच शिकवले. समितीचा शब्द होता. शिस्त ती शिस्त. मुले तो लिहीत असताना ते फळ्याकडे वळून खडूने एक गाठ काढत, एक पदक सुलटे, एक उलटे, आणि त्याबद्दल काही बोलत नसत. दोरा मात्र काढत नसत. त्यामुळे पदके फळ्यावर नुसतीच शेजारी शेजारी उभी राहत, आणि ते आपल्याच चित्राकडे नाराजीने पाहून पुसून टाकत. मेढ्याच्या डोंगरात शब्द चालूच होता. तिथल्या लोकांना समितीचा निर्णय कोणी कळवला नव्हता.

पेन्शनीत निघाल्यावर मास्तर कवठे महांकाळकडे, भावाच्या घरी राहायला जायला निघाले. वहिनी सामान घेऊन पुढे गेल्या होत्या. मोटार अड्ड्यावर पोचवायला मी होतो, शाळेतले दोघेतिघे होते. मोटार सुटायची वेळ झाली तेव्हा तात्या आले. म्हातारे झाले होते, पण धोतर तेच पांढरे. काखेतून त्यांनी पेंढ्याची एक माळ काढली आणि मास्तरांच्या गळ्यात घातली. इतर कोणी फुले आणली नव्हती.

मास्तरांनी माळ नीट पाहिली. पेंढा भिजवून, पिळून त्याच्या लहान लहान कड्या केल्या होत्या. प्रत्येक कडी पुढच्या कडीत अडकवली होती. मास्तरांची बोटे एकेक कडी चिमटीत धरत पुढे सरकली, पार मानेमागून फिरून परत आली.

"दोरा कुठंय, तात्या?"

"घातलाच न्हाई. गाडीत तुमी बोलला हुता. लय दिस डोक्यात हुतं माज्या." तात्या जमिनीकडे पाहत म्हणाले. "एकमेकाला धरूनच ऱ्हात्यात की. हाताची सवय करायला लागली जरा."

मास्तर काहीतरी बोलणार होते. तेवढ्यात अड्ड्यावरच्या चहावाल्याची शेळी मागून आली आणि तिने माळेची लोंबती कडी तोंडात धरली. मी तिला हाकलायला हात उगारला. मास्तरांनी माझा हात धरला.

"खाऊ द्या," ते म्हणाले. "तिच्याकडे गडी आहेत."

ड्रायव्हरने भोंगा वाजवला. आतले उतारू ओरडू लागले. मास्तर मान किंचित खाली करून, सत्काराला उभे राहावे तसे उभे राहिले, आणि शेळी कडीमागून कडी खात गेली. तात्या सावधान होऊन पाहत होते. शेवटची कडी संपल्यावर शेळीने मास्तरांच्या कोटाचा वास घेतला, तो लोकरीचा असल्यामुळे सोडून दिला आणि ती निघून गेली. मास्तरांनी मानेवरून सावकाश हात फिरवला. हाताला काही लागले नाही.

"दोरा नाही," ते म्हणाले, आणि मोटारीत चढले.