न पडलेला छज्जा

मागच्या खोल्यांच्या भिंतीवर घण पडत होते आणि मी स्टँडच्या पुढच्या बाजूला मान वर करून उभी होते. खांब आणि छज्जा मिळतात तिथलं प्लास्टर तडकून उघडलं होतं. सकाळी ते शाबूत होतं.

ऐंशीच्या दशकाची सुरुवात होती. मी ज्युनिअर इंजिनिअर होते. रस्ता रुंद करायचा म्हणून नागपुरातलं हे जुनं सिटी बस स्टँड पाडायचं होतं. नवीन स्टँड तयार नव्हतं. म्हणून साहेबांचा आदेश होता, आधी मागची ऑफिसं पाडा, पुढून बस चालू राहू द्या.

छज्जा मोठा होता. खांबांच्या एकाच रांगेवरून तो पुढे लांब आलेला, टोकाला आधार नाही. याला कॅन्टिलिव्हर म्हणतात. परात एका कडेनं धरली की सगळा जोर मनगटावर येतो, तसंच हे. इथे तो जोर मागच्या भिंतींचं वजन सांभाळत असावं, अशी मला शंका आली. जुनी ड्रॉइंग्ज मिळालीच नव्हती. आणि त्याच भिंती आम्ही उतरवत होतो.

मी काम थांबवलं. ठेकेदार निखाडे धावत आले.

"मॅडम, प्लास्टर होय ते. जुन्या बिल्डिंगचं तडकतेच."

"सकाळी नव्हतं तडकलं."

छज्ज्याखाली जरीपटक्याच्या बससाठी मोठी रांग होती. मी स्टँडच्या कंट्रोलरच्या खोलीतून साहेबांना फोन लावला.

"टेकू लावा आणि काम चालू ठेवा," ते म्हणाले.

"टेकू यायला संध्याकाळ होईल, सर. तोवर खाली माणसं नकोत."

"बस बंद केल्या तर वर उत्तर कोण देणार?"

"मी देईन."

"लेखी द्यावं लागेल," म्हणून त्यांनी फोन ठेवला.

स्टँडचा ताबा रामटेके यांच्याकडे होता. कंडक्टर म्हणून लागले आणि इथेच कंट्रोलर झाले. ते माझ्याबरोबर बाहेर आले आणि बराच वेळ वर बघत राहिले.

"नक्की पडन का, मॅडम?"

"सांगता येत नाही."

"म्हणजे नाही पडला तर माह्यावर येईन."

"माझ्यावरही."

"छप्पन सालच्या दीक्षेले आम्ही गावावरून आलो होतो," ते म्हणाले. "बाप, माय, मी. रात्री याच छज्ज्याखाली झोपलो. सारी फरशी माणसायनं भरली होती. तेव्हा हा नवा होता. मले वाटे, एवढं मजबूत काही नसन."

ते आत गेले आणि माइक हातात घेतला.

"सगळ्या गाड्या रस्त्याच्या पलीकडून सुटतील. इथं कोणीही थांबू नका."

लोक कुरकुरत हलले. मागच्या बाकावर एक म्हातारे आडवे होते. रामदासपेठेतल्या दवाखान्यातून घरी चालले होते. त्यांची बायको म्हणाली, "याहिले उठवत नाही. काहून हाकलून राहिले आम्हाले?" रामटेक्यांनी दोन ड्रायव्हर बोलावले, स्वतः डोक्याकडून धरलं आणि बाकासकट म्हाताऱ्यांना रस्त्यापलीकडे नेलं. बाई पिशवी घेऊन मागे मागे गेली.

संध्याकाळी टेकू आले. आम्ही छज्जा खालून उचलून धरला आणि पुढच्या काही दिवसांत टोकाकडून मागे कापत नेला. मुळाशी सळया गंजून बारीक झालेल्या होत्या. तेही मी रिपोर्टात लिहिलं.

छज्जा पडला नाही. त्यामुळे मला मेमो मिळाला. अकारण वाहतूक बंद पाडली, खुलासा करा. मी केला. पुढचं प्रमोशन लांबलं. रामटेक्यांची बदली दूरच्या डेपोत झाली.

निघण्याआधी ते साइटवर आले. रिकामी जागा बघत उभे राहिले. डोळे पुसले, लपवले नाहीत.

"तुम्हाला माझ्यामुळे त्रास झाला," मी म्हणाले.

"माइक मीच घेतला ना, मॅडम. तुम्ही थोडीच हातात देला होता." मग म्हणाले, "छज्ज्यानं कोणाले मारलं नाही. बस झालं."

आज तिथे रस्ता आहे. नोकरीत नंतर बरीच बांधकामं पाडली, त्यांत एक कोसळलंही. त्या वेळी वेळेवर धावून गेल्याबद्दल माझं कौतुक झालं. अपघात टाळल्याची नोंद कुठेच होत नाही. तरी काम थांबवायचं असतं.