शोकपुस्तिकेवरचा टिपकागद

आज शेजारच्या दूतावासात शोकपुस्तिकेत सही करायला गेलो. त्यांच्या देशाचे माजी राष्ट्राध्यक्ष वारले होते. मी नेहमीचं वाक्य लिहिलं आणि वर टिपकागद दाबला. त्यावर माझ्याआधी सही करून गेलेल्या राजदूतांची शाई उमटली होती. सगळ्यांचं दुःख सारखंच निळं, उलटं, न वाचता येणारं.

कॉलेजात इतिहास शिकवायचो तेव्हा मुलांच्या पेपरांतली असली गुळगुळीत वाक्यं मी लाल शाईनं खोडायचो. राजदूत झालो आणि तीच माझी भाषा झाली.

गेल्या महिन्यात आई गेली. बहिणीनं फोनवर सांगितलं तेव्हा मी म्हणालो, "ऐकून अतीव दुःख झालं. या प्रसंगी आम्ही आपल्यासोबत आहोत."

"दादा," ती म्हणाली, "आई तुझीपण होती रे."

टिपकागद उचलून पाहिला. माझं वाक्य कोरडं झालं होतं.